नाव आणि नौका : ‘गोदावरी’च्या युद्धकालीन सेवावृत्ताचे परीक्षण

१

मराठीत ‘नाव’ असा एकच उच्चार असलेले दोन शब्द आहेत. नपुंसकलिंगी ‘नाव’ संस्कृत ‘नामन्’पासून आला, तर स्त्रीलिंगी ‘नाव’ संस्कृत ‘नौ’पासून. पहिल्यावर पूर्वी अनुस्वार देत असत. १९६२ साली शासनमान्य झालेल्या लेखननियमांनी अनुच्चारित अनुस्वार गेले आणि लेखनातील हा भेदही नाहीसा झाला. बोलताना लिंगामुळे व संदर्भामुळे घोटाळा होत नाही. परंतु युद्धनौकांच्या इतिहासलेखनाचा जो एक ठरीव प्रकार आहे, त्यात या दोन ‘नावां’ची गल्लत वारंवार होते, आणि ती केवळ शाब्दिक नसते. त्या प्रकारास येथे ‘सेवावृत्त’ म्हटले आहे. नौकेची बांधणी, जलावतरण, सेवेत प्रवेश, कामगिऱ्या, निवृत्ती आणि मोडणी एवढे टप्पे तारीखवार नोंदविणारे लेखन, असा त्याचा अर्थ.

‘गोदावरी’ हे नाव धारण केलेल्या संरक्षक नौकांच्या उदाहरणावरून या लेखनप्रकाराची शक्ती व मर्यादा तपासणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. उदाहरणाची निवड केवळ योगायोगाने झालेली नाही. देवणी-उदगीरच्या परिसरातील पाणी मांजरेच्या खोऱ्यातून गोदावरीलाच मिळते. समुद्रापासून इतक्या दूरच्या या प्रदेशाचा दुसऱ्या महायुद्धातील सागरी लढ्याशी काही संबंध आहे काय, असे विचारले तर प्रथम हाती लागते ते नावच. त्या नावावर कितपत विसंबावे, हा प्रश्न म्हणून आपल्या दृष्टीने महत्त्वाचा ठरतो.

२

प्रथम वस्तुस्थिती. ‘गोदावरी’ नावाची पहिली नौका इंग्लंडमध्ये साउदॅम्प्टनजवळच्या वुल्स्टन येथे थॉर्निक्रॉफ्ट यांच्या गोदीत बांधली गेली. तिचे जलावतरण जानेवारी १९४३ मध्ये झाले आणि त्याच वर्षी ती तत्कालीन रॉयल इंडियन नेव्हीत दाखल झाली. ती ‘ब्लॅक स्वान’ जातीच्या सुधारलेल्या आराखड्याची ‘स्लूप’ होती. व्यापारी जहाजांच्या काफिल्याबरोबर राहून पाणबुड्यांपासून व विमानांपासून त्यांचे रक्षण करणे, हे या जातीचे काम.

या काळात हिंदी आरमारातील अशा नौकांना नद्यांची नावे देण्यात आली : इंडस, सतलज, जमना, नर्बदा, गोदावरी, कावेरी, किस्त्ना. स्नानाच्या वेळी म्हणावयाच्या परंपरागत श्लोकात ज्या सात नद्यांचे आवाहन असते, त्यांपैकी यमुना, गोदावरी, नर्मदा, सिंधू आणि कावेरी या पाच येथे समुद्रावर अवतरलेल्या दिसतात. ‘जमना’, ‘नर्बदा’, ‘किस्त्ना’ ही रूपे इंग्रज अधिकाऱ्यांच्या कानांनी घडविलेली आहेत. ‘गोदावरी’ मात्र जवळजवळ आपल्या मूळ रूपात राहिली.

या नौकेच्या सेवावृत्तातील सर्वांत ठळक नोंद १२ ऑगस्ट १९४४ ची आहे. त्या दिवशी सेशेल्स बेटांच्या परिसरात ब्रिटिश फ्रिगेट ‘फाइंडहॉर्न’ व ‘गोदावरी’ यांनी जर्मनीची यू-१९८ ही पाणबुडी बुडविली. तिच्यावरील सर्व ६६ माणसे मृत्यू पावली. याच पाणबुडीने ६ व ७ ऑगस्ट रोजी लागोपाठ ‘एम्पायर सिटी’ व ‘एम्पायर डे’ ही दोन ब्रिटिश मालवाहू जहाजे बुडविली होती. तिच्या शोधास निघालेल्या दलात ‘शाह’ व ‘बेगम’ या विमानवाहू संरक्षक नौका होत्या. या दोन्ही अमेरिकेत बांधलेल्या, ब्रिटिश निशाणाखाली चालणाऱ्या आणि पौर्वात्य पदव्यांची नावे मिरविणाऱ्या. ‘फाइंडहॉर्न’ हीसुद्धा स्कॉटलंडमधील एक नदीच. नावांचाच आधार घेतला तर एका राजाने, एका राणीने आणि दोन नद्यांनी मिळून एका अंकधारी पाणबुडीचा नाश केला, अशी पुराणास शोभेल अशी कथा तयार होते! प्रत्यक्षात अनेक देशांच्या कारखान्यांतून निघालेल्या यंत्रांवर अनेक भाषा बोलणाऱ्या माणसांनी केलेले ते कष्टाचे व जोखमीचे काम होते.

३

येथून परीक्षणास आरंभ करू. पहिला प्रश्न क्रियापदाचा आहे.

‘गोदावरीने पाणबुडी बुडविली’ हे वाक्य मराठीत कर्मणी प्रयोगाचे आहे. कर्ता तृतीयेत आहे आणि क्रियापद कर्माप्रमाणे, म्हणजे ‘पाणबुडी’प्रमाणे, चालते. क्रिया पूर्ण झाली आहे, तिला निश्चित शेवट आहे आणि त्या शेवटास तारीख, वेळ व अक्षांश-रेखांश देता येतात. याउलट ‘गोदावरी काफिल्याचे रक्षण करीत होती’ या वाक्यातील क्रियेस असा अंगभूत शेवट नाही. ती चालू राहते किंवा थांबते, परंतु ‘पुरी’ होत नाही. तत्त्वचिंतक झेनो व्हेंडलर याने १९५७ साली क्रियापदे व काल यांविषयी जे विवेचन केले, त्यात साध्याशी संपणाऱ्या क्रिया आणि नुसत्या चालणाऱ्या क्रिया यांतील हा भेद स्पष्ट केला आहे. मराठी बोलणारास तो न शिकवता कळतो. ‘विहीर खणली’ आणि ‘शेत राखले’ या दोन वाक्यांनंतर आपण वेगवेगळे प्रश्न विचारतो. पहिल्यानंतर ‘किती खोल?’ असे विचारतो. दुसऱ्यानंतर ‘किती दिवस?’ असे विचारतो.

संरक्षक नौकेचे सारे जीवन हे ‘शेत राखण्या’चे आहे. तिचे यश काही न घडण्यात असते. काफिला निघाला, रात्री सरल्या, जहाजे ठरलेल्या बंदरास लागली आणि सांगण्यासारखे काही झाले नाही, हीच तिची उत्तम कामगिरी होय. परंतु सेवावृत्ताची चौकट तारखांची आहे आणि तारीख घटनेस लागते. ‘काही न घडणे’ या गोष्टीस तारीख लावता येत नाही. म्हणून ज्या दिवशी ती रक्षणाऐवजी संहार करते, नेमका तो एक दिवस तिच्या वृत्तात उठून दिसतो. जे काम करण्यासाठी नौका बांधली, तेच काम तिच्या इतिहासातून गळते, हा या लेखनप्रकाराचा पहिला आणि माझ्या मते मूलभूत दोष होय. तो लेखकाच्या आळसातून येत नाही, तो प्रकाराच्या रचनेतूनच येतो. म्हणूनच तो दुरुस्त करावयाचा तर हेतुपूर्वक करावा लागेल. नौकेने किती दिवस समुद्रावर काढले, किती काफिल्यांना सोबत केली, किती जहाजे सुखरूप पोहोचली, हे कंटाळवाणे वाटणारे आकडेच येथे खरे कथानक आहे.

४

दुसरा प्रश्न कर्त्याचा. सेवावृत्तात कर्ता बहुधा नौका असते : ‘गोदावरी निघाली’, ‘गोदावरीने हल्ला केला’. हा लक्षणेचा प्रकार आहे. ‘गाव जेवला’ म्हणताना जसा गाव म्हणजे गावातील माणसे, तशी येथे नौका म्हणजे तिच्यावरील माणसे. लक्षणा ही भाषेची नेहमीची सोय आहे आणि तीस दोष देण्याचे कारण नाही. परंतु पन्नास ओळींच्या मजकुरात सर्वत्र एकच लक्षणा चालली, तर वाच्यार्थाकडे परतण्याची वाट बुजते. खलाशी, तारायंत्री, इंजिनघरातील कामगार, भटारी हे कोणत्याही वाक्याचे कर्ते होत नाहीत. फार झाले तर कमांडर या एका अधिकाऱ्याचे नाव येते.

दोन नौका एकत्र आल्या म्हणजे अडचण वाढते. ‘फाइंडहॉर्न व गोदावरी यांनी’ या संयुक्त कर्त्यात कोणाचा वाटा किती, हे व्याकरण सांगत नाही आणि वृत्तही सांगत नाही. याहून प्रसिद्ध उदाहरण ‘बेंगॉल’चे आहे. ११ नोव्हेंबर १९४२ रोजी हिंदी महासागरात ही लहानशी हिंदी नौका ‘ओन्डिना’ या डच तेलवाहू जहाजाच्या सोबतीस असताना ‘होकोकू मारू’ व ‘आयकोकू मारू’ या दोन मोठ्या सशस्त्र जपानी जहाजांशी त्यांची गाठ पडली. ‘होकोकू मारू’ बुडाले, आणि ‘बेंगॉल’ व ‘ओन्डिना’ दोन्ही वाचली. निर्णायक गोळा कोणाचा, याविषयी हिंदी बाजूचा व डच बाजूचा असे दोन दावे तेव्हापासून चालत आले आहेत. प्रत्येक नौकेचे वृत्त स्वतंत्रपणे वाचले असता तीच एकटी कर्ती वाटते. दोन्ही शेजारी ठेवून वाचावी तेव्हा कळते, की एकवचनी कर्ता ही वृत्तलेखनाची सवय आहे, घटनेचे वर्णन नव्हे.

५

तिसरा प्रश्न नावाचा, आणि तोच या लेखाचा मुख्य विषय.

१९४७ च्या फाळणीत आरमाराचीही वाटणी झाली. सतलज, जमना, किस्त्ना व कावेरी भारताकडे राहिल्या. नर्बदा व गोदावरी पाकिस्तानकडे गेल्या. तेथे नर्बदेची ‘झेलम’ झाली आणि गोदावरीची ‘सिंध’. पहिले नामांतर नदीवरून नदीवर झाले. दुसरे नदीवरून प्रांतावर, पण तो प्रांतही नदीच्याच नावाचा. ज्या नौकेने १९४४ मध्ये यू-१९८ बुडविण्यात भाग घेतला, ती अखेरच्या दिवसांत ‘सिंध’ म्हणून ओळखली जात होती. तिच्या लोखंडावर ‘गोदावरी’ हे नाव उरले नव्हते.

भारतात मात्र ते नाव रिकामे झाले होते. १९५३ साली ब्रिटनकडून भारतीय नौदलात आलेल्या ‘हंट’ जातीच्या तीन संरक्षक विनाशिकांना गंगा, गोमती व गोदावरी अशी नावे देण्यात आली. यांतील गोदावरीची पूर्वकथा विलक्षण आहे. हिची मूळ योजना ‘बीडेल’ या नावाने झाली. यॉर्कशरमधील एका शिकारी मंडळावरून ते नाव घेतले होते, कारण त्या साऱ्या जातीसच शिकारी मंडळांची नावे देण्याचा संकेत होता. परंतु १९४२ मध्ये बांधणी पुरी होताच ही नौका पोलिश आरमाराच्या ताब्यात गेली आणि ‘श्लोंझाक’ झाली. या शब्दाचा अर्थ सायलेशिया प्रांताचा रहिवासी. ज्यांचा देश शत्रूच्या टाचेखाली होता, अशा माणसांनी परक्या गोदीत बांधलेल्या नौकेस आपल्या मातीतल्या माणसाचे नाव दिले. इंग्रजीत नौकेस स्त्रीलिंगी सर्वनाम लावतात. पोलिश भाषेत युद्धनौकेचा ‘ओक्रेंत’ हा शब्द पुल्लिंगी आणि ‘श्लोंझाक’ही पुल्लिंगी. पुढे मराठीत ‘ती गोदावरी’. एकाच सांगाड्याने तीन भाषांत लिंगही बदलले.

‘श्लोंझाक’ने १९ ऑगस्ट १९४२ च्या दिएप्पवरील चढाईत, जुलै १९४३ च्या सिसिलीतील अवतरणात आणि ६ जून १९४४ रोजी नॉर्मंडीच्या ‘सोर्ड’ किनाऱ्यावर कामगिरी केली. १९४६ मध्ये ती ब्रिटिशांकडे परत गेली व पुन्हा ‘बीडेल’ झाली. युद्ध जिंकलेल्या पक्षात असूनही पोलिश खलाशांना ज्या पोलंडसाठी ते लढले तो पोलंड मिळाला नाही, आणि नौकाही राहिली नाही. ‘गोदावरी’ या नात्याने तिने दोन दशकांहून अधिक काळ भारताची सेवा केली. १९७६ मध्ये ती मालदीव बेटांजवळ उथळ पाण्यात रुतली आणि १९७९ मध्ये मोडीत निघाली.

तिसरी ‘गोदावरी’ मुंबईच्या माझगाव गोदीत बांधलेली फ्रिगेट. तिचे जलावतरण १९८० मध्ये झाले, १० डिसेंबर १९८३ रोजी ती सेवेत आली आणि २३ डिसेंबर २०१५ रोजी निवृत्त झाली. नोव्हेंबर १९८८ मध्ये मालदीवमधील बंडानंतर ओलिसांसह पळणारे ‘प्रोग्रेस लाइट’ हे जहाज अडविण्यात तिचा प्रमुख भाग होता.

आता ‘गोदावरी’ या शीर्षकाखाली कोणी सलग वृत्त लिहू लागला तर काय होईल? यू-१९८ चा विजय, मालदीवजवळचा अपघात आणि मालदीवजवळचीच यशस्वी मोहीम ही तीन निरनिराळ्या नौकांची कृत्ये एका ओळीत येतील आणि एका चरित्राचा भास निर्माण होईल. आणि दिएप्प व नॉर्मंडी ही दोन नावे, जी दुसऱ्या गोदावरीच्या सांगाड्याने प्रत्यक्ष पाहिली, ती मात्र ‘परक्या’ नावाखाली घडली म्हणून वगळली जातील. नावाप्रमाणे लिहिले तर नौका तुटते. नौकेप्रमाणे लिहिले तर नाव तुटते.

६

पतंजलीने महाभाष्यात शब्दांच्या प्रवृत्तीचे जाती, गुण, क्रिया व यदृच्छा असे चार प्रकार मानले आहेत. ‘डित्थ’सारखी विशेषनामे यदृच्छाशब्द होत. ती वस्तूविषयी काही सांगत नाहीत, केवळ तिच्याकडे बोट दाखवितात. नौकेचे नाव या अर्थाने यदृच्छाशब्द आहे. पण देणारा ते तसे मानीत नाही. तो त्यात अर्थ भरतो.

आमच्या गावाच्या नावावरूनच हे स्पष्ट करता येईल. ‘देवणी’ हे गावाचे विशेषनाम गाईबैलांच्या प्रसिद्ध जातीस लागले आणि जातिवाचक झाले. आज दूरच्या बाजारात ‘देवणी’ म्हणणारास गाव ठाऊक असेलच असे नाही. पण जाणता शेतकरी एवढ्यावर थांबत नाही. तो अंगावरील रंग व ठिपके पाहून वानेरा, बालंक्या की शेवेरा हे ठरवितो. नाव ऐकल्यावर अंग पाहणे, ही त्याची रीत संशोधकानेही घेण्यासारखी आहे.

या प्रदेशाशी जोडलेली आणखी नावे युद्धकाळी समुद्रावर होती. त्या वेळी हा भाग हैदराबाद संस्थानच्या बिदर जिल्ह्यात मोडत असे. निजामाने केलेल्या आर्थिक साहाय्याच्या स्मरणार्थ ऑस्ट्रेलियन आरमाराने चालविलेल्या एका विनाशिकेस ‘निजाम’ हे नाव देण्यात आले. क्रीटमधून सैन्य काढून आणण्यात व वेढलेल्या तोब्रुकला रसद पोहोचविण्यात तिने भाग घेतला, आणि २ सप्टेंबर १९४५ रोजी ती टोकियोच्या उपसागरात हजर होती. फेब्रुवारी १९४५ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या नैर्ऋत्य टोकाजवळ एका प्रचंड लाटेने तिचे दहा खलाशी वाहून नेले. ‘हैदराबाद’ नावाची एक ब्रिटिश कॉर्व्हेटही होती. तिचे मूळ योजलेले नाव ‘नेटल’, म्हणजे खाजकुईसारखी एक वनस्पती. मे १९४२ मध्ये आइसलँडहून रशियाकडे गेलेल्या पीक्यू-१६ या काफिल्याच्या संरक्षकांत ती होती.

येथे अभिमानाने फुलून जाण्याचा मोह होतो. परंतु ‘निजाम’वर मराठवाड्यातील खलाशी नव्हते, ऑस्ट्रेलियन होते. दुसरीकडे, निजामाच्या खजिन्यात येथील रयतेच्या साऱ्याचाही पैसा होता, आणि त्या रयतेचे नाव कोणत्याही नौकेवर कोरलेले नाही. म्हणजे नावाने जो संबंध दाखविला तो माणसांच्या बाबतीत खोटा, आणि पैशाच्या बाबतीत अर्धाच सांगितलेला. नाव हे पुरावा नव्हे. पुरावा कोठे शोधावा, याची ती केवळ खूण होय.

७

चौथा प्रश्न मौनाचा. दिएप्पच्या पहाटे ‘श्लोंझाक’ व ब्रिटिश ‘ब्रॉकल्सबी’ या दोन विनाशिका पूर्वेकडील बाजूचे रक्षण करीत होत्या. सैनिक नेणाऱ्या लहान होड्यांच्या एका गटाची अवचित जर्मन काफिल्याशी गाठ पडली, गोळीबार झाला आणि तो गट विस्कळीत झाला. त्या दोघांपैकी वरिष्ठ असलेल्या ‘श्लोंझाक’च्या अधिकाऱ्याने तो गोळीबार किनाऱ्यावरून होत आहे असे समजून आपला मार्ग बदलला नाही. अंधारातील हा निर्णय चूक असेल, क्षम्यही असेल. परंतु संक्षिप्त सेवावृत्तात ‘दिएप्पच्या चढाईत भाग घेतला’ एवढीच ओळ उरते. ‘भाग घेतला’ हे मराठीतील अत्यंत सोयीचे क्रियापद आहे. त्यात पराक्रम बसतो, गफलतही बसते, नुसती उपस्थितीही बसते. सेवावृत्ताचे परीक्षण करणाराने प्रत्येक ‘भाग घेतला’ खाली रेघ ओढावी आणि विचारावे : नेमके काय केले?

‘युद्धकालीन’ हे विशेषणही असेच मौन पाळते. युद्ध १९४५ मध्ये संपले, म्हणून वृत्तही तेथे थांबते. फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईच्या ‘तलवार’ या ठाण्यातून सुरू झालेला नाविकांचा उठाव त्या चौकटीबाहेर पडतो. परंतु त्यातील अनेक माणसे तीच होती, ज्यांनी युद्धात हे आरमार चालविले. अन्न, वेतन आणि वागणूक यांविषयीची त्यांची तक्रार युद्धाच्या वर्षांतच साचलेली होती. नौकांचे वृत्त जेथे पूर्णविराम देते, तेथे त्यांच्यावरील माणसांचे वाक्य अपुरेच असते.

८

या साऱ्यावरून सेवावृत्त हा प्रकार त्याज्य आहे असा निष्कर्ष काढणे अन्यायाचे होईल. तारखांचा तो सांगाडा नसता तर वरील एकही प्रश्न विचारता आला नसता. कमांडर डी. जे. ई. कॉलिन्स यांनी लिहिलेला व १९६४ मध्ये प्रसिद्ध झालेला रॉयल इंडियन नेव्हीचा अधिकृत इतिहास भारत व पाकिस्तान यांच्या संयुक्त इतिहास विभागाने काढला, ही गोष्ट येथे आवर्जून नमूद करावीशी वाटते. नौका वाटल्या गेल्या, पण त्यांचे वृत्त वाटता आले नाही.

प्रश्न आहे तो मराठीत असे लेखन पुढे कसे व्हावे हा. पहिली गोष्ट परिभाषेची. आपल्या वृत्तपत्रांत स्लूप, कॉर्व्हेट, फ्रिगेट, विनाशिका या सर्वांस सरसकट ‘युद्धनौका’ म्हणतात. त्यामुळे राखण करणारी आणि चाल करून जाणारी नौका यांतील भेद शब्दातच पुसला जातो. ‘संरक्षक नौका’ हा शब्द तरी कटाक्षाने वापरावा. दुसरी गोष्ट, वृत्त सांगाड्यावरून लिहावे, आणि त्या सांगाड्याची सर्व नावे त्यांच्या वर्षांसह आरंभीच द्यावीत. तिसरी, रक्षणाचे दिवस संहाराच्या दिवसांइतक्याच काळजीने मोजावेत. चौथी, जेथे शक्य असेल तेथे नौका या कर्त्याच्या जागी माणूस हा कर्ता आणावा.

ही शेवटची सूचना सर्वांत अवघड आहे, कारण ती माणसे आता फारशी उरलेली नाहीत. परंतु तांडेल, सारंग, खलाशी हे शब्द, ज्यांतील पहिले दोन इंग्रजांनीही आपल्या भाषेत नेले, ते ज्या घरांत अजून वापरले जातात, तेथे जुनी पत्रे, सेवापुस्तिका आणि ऐकीव हकिकती सापडण्याचा संभव आहे. पदव्युत्तर विद्यार्थ्यांना हे काम भाषाशास्त्राचे वाटणार नाही, इतिहासाचे वाटेल. वस्तुतः ते दोहोंचे आहे. कोणत्या वाक्यात कर्ता लपला आहे हे ओळखणे व्याकरणाचे काम आणि त्यास शोधून काढणे इतिहासाचे. १२ ऑगस्ट १९४४ च्या नोंदीत मृतांचा आकडा आहे, दोन नौकांची नावे आहेत आणि स्थळही आहे. त्या रात्री ‘गोदावरी’वर पहाऱ्यास कोण होते, हे त्या नोंदीत नाही.